टॉवेल मला दिसला होता

आमच्या किनाऱ्याच्या दक्षिण टोकाला एक उंच काळा खडक आहे. बांगडा मासळीच्या दिवसांत तिथे एक म्हातारा बसायचा. सगळे त्याला आबा म्हणत. पाणी गडद दिसलं, वर पक्षी घिरट्या घालू लागले, म्हणजे बांगड्याचा थवा आला, की तो आरोळी ठोकायचा आणि लाल टॉवेल हलवायचा. मग रापणीचं जाळं घेऊन होडी सुटायची आणि अख्खी वाडी किनाऱ्यावरून त्याचे दोर ओढायला धावायची. तोवर कोणी जाळं शिवत असे, कोणी मासे वाळवत असे, पण प्रत्येकाचा एक कान खडकाकडे. लहानपणी, आबा अजून तरणा असताना, मी किनाऱ्यावर उगाच ओरडलो, तर आईने पाठीत धपाटा घातला होता.

शाळेतून निवृत्त झाल्यावर मी सुरूच्या झाडांखाली पर्यटकांसाठी टेबलं मांडली. स्पीकर आणला. आबा एकदा येऊन म्हणाला, "गुरुजी, ह्या जरा बारीक करा. माझो आवाज पोचणा नाय."

"करतो, आबा," म्हणालो. तासभर केलाही.

त्या दुपारी शहरातली मंडळी नाचत होती. मी चहा गाळताना सहज वर पाहिलं. आबा उभा होता. तोंड उघडं, टॉवेल हलतोय. आवाज येत नव्हता. गाणं थांबवावं असं मनात आलं. पण गिऱ्हाइकं रंगात होती, आणि वाटलं, किनाऱ्यावर एवढी माणसं आहेत, कोणी ना कोणी बघत असेलच. होडीच्या सावलीत रापणीची पोरं बसली होती. त्यांच्या माना मोबाइलवर वाकलेल्या. मी दुसरा कप भरला.

संध्याकाळी कळलं, बांगडा शेजारच्या गावाच्या रापणीत गेला.

"आबा, झोपेत बांगडे मोजीत होतस काय?" एकाने विचारलं. सगळे हसले.

"मी आराडलंय रे! टॉवेल हलयलो. तुमचा लक्ष खंय होता?"

"गुरुजी हंयच होते. गुरुजी, तुमी काय आयकलात?"

"नाही," मी म्हणालो. ते खरंच होतं. पाहिलंत का, असं कोणी विचारलं नाही.

आबा माझ्याकडे बघत राहिला. त्याला खडकावरून माझी मान वर वळलेली दिसली असणार. पण तो टॉवेल खांद्यावर टाकून घरी गेला. म्हाताऱ्याला आता दिसत नाही, असं वाडीत ठरून गेलं. दुसऱ्या दिवसापासून तो खडकावर चढला नाही. यंदा गेला.

त्याचे दिवस झाल्यावर मी त्याच्या मुलाला सगळं सांगितलं. तो अंगणात जाळं शिवत होता. हात न थांबवता म्हणाला, "आता सांगतास, गुरुजी?"

स्पीकर मी काढून टाकलाय. किनारा पुन्हा शांत असतो. मी चहा गाळताना वर बघतो. बाकी कोणी बघत नाही. खडकावर कोणी नसतंच.