माझ्या नावाने दिलेलं रक्त

हे मी आजवर कोणालाही सांगितलेलं नाही. आईलाही नाही. माझ्यासोबत खेळणाऱ्या मीनाला यातलं अर्धं ठाऊक आहे — म्हणून तर मी तिलाच टाळते.

तुम्ही मला एखाद्या सभेत पाहिलं असेल. सिकलसेलची तपासणी करून घ्या म्हणून तलासरीच्या पाड्यापाड्यांवर ओरडत फिरणारी ती रग्बीवाली मुलगी. भाषण ठरलेलं. शाळेत असताना माझं रक्त तपासलं, निरोगी असल्याचं कार्ड हातात दिलं, आणि दोन वर्षांनी डहाणूच्या मैदानावर मी कोसळले तेव्हा कळलं, रक्तातला हा आजार जन्मापासूनच आहे. मग मी विचारते, आमच्या पोरींचा जीव एवढा स्वस्त आहे का? टाळ्या पडतात. मला त्या टाळ्यांची चीड येते. एकालाही शंका येऊ नये?

संतापण्यासारखं होतंच म्हणा. त्या तपासणीच्या वेळी आमचा जिल्हा नुकताच वेगळा झाला होता, त्याची मुलींची पहिली रग्बी टीम निवडायची होती. आश्रमशाळेतल्या सरांनी सांगून टाकलं — जिचं कार्ड खराब निघेल ती टीमच्या बाहेर. औषध द्यायचं सोडून पोरींना हाकलायचं, ही कुठली तपासणी? पण सरांवर तरी किती दिवस ढकलू? माझे सांधे लहानपणापासून ठणकायचे. मामा याच आजाराने गेला होता. काय निघणार ते मला पक्कं माहीत होतं.

नर्सबाई यादीतलं नाव पुकारायच्या आणि बोट टोचायच्या. माझं नाव आलं तेव्हा मीना उठली. स्वतःच्या नावाला ती पुन्हा गेली — वेणी सोडून, दुसरा हात पुढे करून. मीच पाठवलं होतं तिला.

इथपर्यंतचं तुम्ही पोरवयातली भीती म्हणून सोडून द्याल. द्याल ना? नका देऊ.

माझ्या भाषणांमुळे चौकशी बसली. कंत्राटावरच्या त्या नर्सबाईंना चौकशीला आलेल्या साहेबांनी माझ्यासमोर उभं केलं. बाई साहेबांशी बोलल्याच नाहीत. माझ्याकडे बघत म्हणाल्या, "पोरी, खरं सांग गं. तुझं बोट मीच टोचलं होतं का? मला तुझा चेहराच आठवत नाय."

खरं सांगायला एक शब्द पुरला असता. पण मग सभा कसल्या, आणि मी तरी कोण?

"तुम्हीच टोचलं होतं, बाई," मी म्हणाले.

त्यांचं काम गेलं. आता त्या नरपडला एका वाडीत चिकू निवडायला जातात. त्यांची काहीही चूक नव्हती. खोटेपणा मी केला, आधी शाळेत, मग चौकशीत, आणि दुसऱ्यांदा केला तेव्हा मी लहान नव्हते.

मागच्या आठवड्यात झरीच्या सभेत एका म्हातारीने विचारलं, "तुझा रिपोट चुकवला कोणी, बाय?" मी नर्सबाईंचं नाव सांगितलं. आडनावासकट. जीभ जरासुद्धा अडखळली नाही.