मुकी पट्टी

शेवगावच्या आमच्या चर्चमध्ये पेटी मी वाजवतो. तिथल्या एका लग्नाला मालिकांना संगीत देणारा मुंबईचा माणूस आला होता. मंडळी जेवायला गेल्यावर चष्मा कपाळावर सरकवून तो माझ्या पेटीपुढे बसला.

"मधली पट्टी मुकी हाय, साहेब. तेवढी सोडून वाजवा," मी म्हणालो.

"सोडायची कशाला? तिथं थांबू." त्याने मुक्या पट्टीवर बोट ठेवलं आणि डोळे मिटले.

आता त्याच्या मालिकेचं शीर्षकगीत नेमकं तिथंच थांबतं, आणि ऐकताना माझ्या बायकोच्या हातातलं लाटणंही. बिघाड माझ्या पेटीतला, नाव मात्र त्या लेकाचं!

गेल्या रविवारी गाण्यात मीही तसाच थांबलो. बाहेर पडताना बायको म्हणाली, "अहो, ती पेटी दुरुस्त करून आना की. लई लाज वाटली."