मांडवाला टांगलेली फिल्म

सुखदेव गेल्याचा निरोप अकोल्याहून येणाऱ्या एसटीच्या कंडक्टरने मेडशीच्या थांब्यावर दिला. छातीचा रोग जुनाच होता. मी रडत बसले नाही, मिळेल त्या गाडीने निघाले. आता महिना होत आला. माझ्या या धाकट्या भावाबद्दल नको ती माणसं गोड बोलू लागली आहेत, म्हणून लिहिते.

तो रिसोडला टुरिंग टॉकीजचं मशीन चालवायचा. अकोल्यात शेतकी शिकायला आलेला घानाचा क्वामे त्याचा दोस्त झाला. क्वामेच्या मामाने स्वतःच्या गावावर काढलेली फिल्म आम्ही मेडशीच्या विहारात, चुन्याच्या भिंतीवर पाहिली. शेजारची कौसाबाई म्हणाली, "अवो, हे बाई तं आपल्यावानीच पाखडून राह्यली." जाताना क्वामेने फिल्म इथल्या गावांना दाखवायला ठेवली. पुढे त्याचं पत्र आलं... मामाचं घर जळालं, तिकडची प्रत गेली, उरली ती तुझ्याजवळचीच. सुखदेवचं घर गळकं, म्हणून त्याने डबे रिसोडच्या वाचनालयाच्या लोखंडी कपाटात ठेवले. तिथले अध्यक्ष अण्णासाहेब.

सुखदेव दवाखान्यात असताना अण्णासाहेबांच्या मुलीचं लग्न निघालं. त्यांनी कपाट रिकामं करवलं आणि फिल्मचे हात-हातभर तुकडे करून आंब्याच्या पानांसोबत मांडवाला टांगले. मी जाब विचारला तर म्हणाले, "काळ्यायचा सिनेमा इथं कोन पाह्यते?" सुखदेव सुटून आल्यावर आम्ही बहीणभावाने मांडवामागच्या उकिरड्यातून मिळतील ते तुकडे वेचले, धुतले, जोडायला बसलो. मी शिवणकाम करणारी. म्हटलं, टोकाला टोक जोड आणि मोकळा हो. तो ऐकेना. जिथे तुकडा हरवला, तिथे तेवढ्याच लांबीची कोरी पट्टी लावायचा. फिल्म त्याला पाठ होती; कुठे काय गेलं, त्याची यादीही त्याने लिहून ठेवली.

"नाई बाई," तो म्हणाला. "गेलं थे गेलंच दिसू दे. नाई तं त्याईच्या गावातून मानसं गायब होतीन अन कोनाले समजनार बी नाई."

शोकसभा वाचनालयातच झाली. अण्णासाहेबांनी सुखदेवला कलेचा पुजारी म्हटलं, त्याचा फोटो तिथे लावू म्हणाले. मी नको म्हटलं. टॉकीजचं मशीन मी सोबत नेलं होतं. खिडक्यांना गोणपाट लावलं, अण्णासाहेबांना पुढच्या खुर्चीवर बसवलं. फिल्म सुरू केली. कोरी पट्टी येऊन भिंत पांढरी झाली की मी सुखदेवची यादी वाचायची. इथे बाजार होता, मांडवाला गेला. इथे म्हातारी गात होती, मांडवाला गेली... चौथ्या-पाचव्या वेळी मागून कौसाबाई बोलली, "अण्णासाहेब, तुमचा मांडव लय मोठा होता वो." लोक हसले. ते उठू शकले नाहीत.

फिल्म आता क्वामेकडे जाते आहे. पार्सल सुखदेवच्या टेबलावरच बांधलं. जोडायच्या रसायनाचा उग्र वास लाकडातून अजून गेलेला नाही. यादीसोबत मी लग्नाचा एक फोटो घातला आहे. डोक्यावर फिल्मच्या झालरी, खाली अण्णासाहेब हसताहेत. फोटोच्या पाठीवर त्यांचं पूर्ण नाव, गाव, तालुका शाळेच्या गुरुजींकडून इंग्रजीत लिहून घेतला.

सुखदेवने हे करू दिलं नसतं. पण तो आता नाही.