डोंगर आधी, नाव शेवटी

एकट्या माणसाकडे किस्से फार साठतात बघा. घरात चार माणसं असली की किस्सा घडतो, जेवताना सांगून होतो आणि भांड्यांबरोबर धुऊन जातो. एकटीच्या घरात तो तसाच राहतो, फ्रीजमध्ये झाकून ठेवलेल्या वाटीसारखा. सकाळी रंकाळ्यावर फिरायला गेलं की मी त्या वाट्या एकेक करून उघडते.

आमचा फिरायचा ग्रुप तिघींचाच. शेजारच्या पाटील वहिनी, ज्यांचं कुजबुजणंसुद्धा तळ्याच्या पलीकडच्या काठाला ऐकू जातं. कुलकर्णी मॅडम, शाळेत भूगोल शिकवून रिटायर झालेल्या. आणि मी, शालन. आमचे मिस्टर फाउंड्रीत होते, पाच वर्षांपूर्वी गेले. मुलगा सुजित कागलच्या एमआयडीसीतली नोकरी सोडून न्यूझीलंडला गेला आणि मागच्या वर्षी त्यानं तिकडंच लग्न केलं. सून तिथल्या मूळच्या लोकांपैकी, माओरी. तिचं नाव अनाहेरा. शाळेची बस चालवते.

हे ऐकून पाटील वहिनी जागच्या जागी थांबल्या होत्या.

"ड्रायव्हर सून! शालन, नशीब काढलंस की! आमचीला स्कुटी सुदीक मागं घ्याला येत न्हाय!"

* * *

व्हिडिओ कॉलवर अनाहेरा पहिल्यांदा दिसली तेव्हा मी साधंच विचारलं, "नाव काय गं बाळ तुझं?" मला ठाऊक होतं, पण बोलायला सुरुवात कशी करायची?

ती सरळ बसली आणि तिच्या भाषेत सावकाश बोलायला लागली. बराच वेळ बोलली. सुजित शेजारी बसून सांगत होता, "आई, हा तिचा डोंगर. ही तिची नदी. पूर्वज ज्या होडीतून आले, तिचं हे नाव. हे तिचं कूळ." मी आपली हं हं करतेय. नाव आलं सगळ्यात शेवटी!

"त्यांच्यात असंच असतं," सुजित म्हणाला. "माणूस कुठल्या मातीतला हे आधी. नाव काय, कुणीही ठेवतं."

मग तिनं सुजितच्या तोंडून मला विचारलं, "आई, तुमचा डोंगर कोणता?"

गेल्या पाच वर्षांत लोकांनी मला गॅस कधी आला, लाईट गेली का, सुजित कधी येणार, एवढंच विचारलेलं. तुमचं काय, असं कुणी विचारलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी रंकाळ्यावर मीटिंगच बसली.

"पन्हाळा सांगा," कुलकर्णी मॅडम म्हणाल्या. "इतिहास आहे त्याला."

"जोतिबाचा डोंगर सांग! नदी पंचगंगा!" पाटील वहिनी. "आनि होडी इचारली तर ही रंकाळ्यातली पायडलची सांग!"

पण माझं माहेर बिद्रीकडचं, आमची नदी दूधगंगा. मग मी कुठली, माहेरची की सासरची? अनाहेराला विचारलं तर ती म्हणाली, "दोन्हीकडच्या. एक कशाला सोडायची?" वहीत लिहून काढलं, पाठ केलं आणि पुढच्या कॉलला म्हणून दाखवलं. मान खाली घालून ऐकत होती पोरगी. आरती चालू असावी तशी.

* * *

एकदा दुपारी फोन आला, म्हणजे त्यांची संध्याकाळ. मी मोबाईल खिडकीत टेकवून बोलत बोलत कपडे भिजवत होते. भांडी पुसायचं फडकंही त्याच बादलीत टाकलं.

अनाहेरा एकदम ओरडली, "नो, आई! नो!"

मला वाटलं माझ्यामागं साप निघाला! सुजित पळत आला. तर म्हणे, अन्नाला लागणारं फडकं अंगावरच्या कपड्यांत धुवायचं नाही. त्यांच्यात ते चालतच नाही. शिवाय जेवणाच्या टेबलावर बसायचं नाही, उशीवर बसायचं नाही कारण ती डोक्याची, आणि कुणाच्या डोक्यावरून वस्तू द्यायची नाही.

मी खाली बघितलं. गुडघ्यासाठी मी उशीवरच बसले होते.

माझ्या सासूबाई अगदी अशाच. फडक्यावरून माझ्याशी दोन दिवस बोलल्या नव्हत्या. मी हे सांगितल्यावर पाटील वहिनी हसून हसून कट्ट्यावर बसल्या.

"सासू गेली, सुटले म्हणालीस व्हय? तिकडं जन्म घेऊन सून झाली की गं तुझी!"

* * *

सुजितच्या लग्नाचा फोटो आला तेव्हा मी तो फ्रेम करून मिस्टरांच्या फोटोशेजारी लावला. तेवढंच बापलेक जवळ, असं आपलं मला वाटलं.

कॉलवर अनाहेराला ती भिंत दिसली. तिचा चेहरा उतरला. दुसऱ्या दिवशी सुजितचा एकट्याचा फोन. "आई, रागावू नको. तिच्या लोकांत जिवंत माणसांचे फोटो गेलेल्यांच्या शेजारी लावत नाहीत. ती रात्रभर झोपली नाही."

मी लगेच सुजित-अनाहेराची फ्रेम काढून समोरच्या भिंतीवर लावली. मिस्टर राहिले एकटे त्या भिंतीवर.

म्हटलं, राहू दे. कसं वाटतं ते त्यांनाही कळू दे!

* * *

मग अनाहेराची आज्जी वारली. तिनंच हिला वाढवलेलं.

त्यांच्यात गेलेल्या माणसाला क्षणभरही एकटं ठेवत नाहीत. कुळाच्या मोठ्या सभाघरात आणतात, सगळे तिथंच गाद्या टाकून झोपतात. येणारा जाणारा गेलेल्याशी बोलतो, रडतो, चेष्टा करतो. चक्क भांडतोसुद्धा! "माझी कढई परत न देताच निघालीस?" असं एक म्हातारी त्या आज्जीला विचारत होती म्हणे. तीन दिवस हे चाललं. सुजित मागच्या स्वयंपाकघरात बटाटे सोलत होता. तिकडं जावयाला कुणी पाटावर बसवत नाही!

तिसऱ्या दिवशी अनाहेरानं फोन लावला. घरच्यांना विचारून घेतलं होतं. म्हणाली, "आई, आज्जीशी बोला."

काय बोलणार? मी हात जोडले. "सुखानं जा, बाई. पोरीची काळजी करू नका, मी आहे."

फोन सुजितच्या हातात आला. एका हातात सुरी तशीच. हळूच म्हणाला, "आई, बाबांजवळ कोण होतं गं?"

त्या वर्षी कोरोनामुळं विमानं बंद होती, त्याला येता आलं नव्हतं. दवाखान्यात आत कुणाला सोडत नव्हते.

मी म्हटलं, "होते की मी."

होते. गेटपर्यंत.

हा किस्सा मी रंकाळ्यावर सांगितला नाही. आज इथंच सांगितला.

* * *

दिवाळीनंतर पुतण्याची हळद होती. मी मागच्या खुर्चीवर बसले. मला कुणी मागं बस म्हणालं नाही, पण पुढं ये असंही कुणी म्हणालं नाही. आता गावोगावी ठराव होतात, विधवेला मान द्या म्हणून. पेपरात मीही वाचते. पण ठराव काही हात धरून पुढं नेत नाही आणि माझं पाऊल आपोआप मागं जातं.

फोटो बघून अनाहेरानं विचारलं, "सगळ्यात मोठ्या तुम्ही, मग मागे का?"

मी कारण सांगितलं. सुजितनं ते तिला दोनदा समजावलं. तरी तिला पटेना. मग तिनं त्यांची रीत सांगितली. पाहुणे दाराबाहेर थांबतात. घरची जाणती बाई मोठ्यानं हाक देते. पाहुण्यांना आणि त्यांच्याबरोबर आलेल्या त्यांच्या मेलेल्या माणसांनासुद्धा. पाहुण्यांतली बाई उत्तर देते. मग ते चालू लागतात आणि मध्येच थांबतात, मान खाली घालून. त्या घरातलं जे कुणी गेलं असेल, त्याच्यासाठी. हाक आल्याशिवाय कुणी आत पाऊल टाकत नाही.

पाटील वहिनी म्हणाल्या, "आमच्यात पावणं बेलवरचं बोट काढत न्हाय, त्याचं काय करायचं?"

* * *

दोघं येणार हे ठरल्यावर ग्रुपची तयारी सुरू झाली. माओरी लोक भेटले की कपाळाला कपाळ, नाकाला नाक टेकतात. श्वास वाटून घ्यायचा म्हणे. कुलकर्णी मॅडम आणि पाटील वहिनींनी भर सकाळी कट्ट्यावर प्रॅक्टिस केली. दोघींचे चष्मे एकमेकींत अडकले! भेळवाला हातातलं काम टाकून बघत राहिला.

"चाळीस वर्सं संसार झाला," पाटील वहिनी चष्मा सोडवत म्हणाल्या, "मालकांचं नाक एवढ्या जवळनं न्हाय बघितलं!"

मी हसले. घरी जाऊन आरशासमोर उभी राहिले, थोडी पुढं वाकले. काच तेवढी धुरकट झाली.

* * *

रविवारी सकाळी टॅक्सी दारात आली. नवी नवरी पहिल्यांदा घरात येणार, ओवाळायला सवाष्ण हवी, म्हणून पाटील वहिनींना मीच बोलावून ठेवलं होतं. त्या ठेवणीतली साडी नेसून पुढं, हातात ताट, भाकरीचा तुकडा, पाण्याचा तांब्या. मी मागं, स्वयंपाकघराच्या दाराशी.

सुजितनं बॅगा उतरवल्या. अनाहेरा गेटाशी आली आणि थांबली.

"ये की गं, ये!" पाटील वहिनी. "उन्हात का हुबी?"

ती हसली, हात जोडले, पण हलली नाही.

"आई," सुजितनं हाक मारली, "तू बोलावल्याशिवाय ती यायची नाही."

"अरे, वहिनी आहेत ना पुढं."

"काकूंचं घर शेजारी आहे, आई."

मी उंबऱ्यापर्यंत आले. एकट्या बाईला मोठ्यानं हाक मारायची सवय कुठली राहणार? या दारातून मी शेवटची मोठी हाक मारली होती ती मिस्टरांना. "अहो, डबा राहिला!"

अनाहेरा माझ्याकडं बघत उन्हात उभी होती.

"ये गं अनाहेरा!" कसाबसा आवाज निघाला, मग आपोआप वाढला. "दूधगंगेची मी, पंचगंगेवर दिलेली, बोलावते तुला! ये! तुझी आज्जी बरोबर आली असेल, तिला पण घेऊन ये!"

तिनं गेटातूनच उत्तर दिलं. लांब, उंच, ओढ घेत जाणारा आवाज. गल्लीतली माणसं गॅलरीत आली. मग ती हळूहळू चालू लागली आणि अंगणाच्या मध्यावर मान खाली घालून थांबली.

"आता काय झालं?" पाटील वहिनी. "चप्पल तुटली काय?"

सुजितनं हातातली बॅग खाली ठेवली. "बाबांसाठी थांबलीय, काकू."

पाटील वहिनींनी ताटाकडं बघितलं. माझ्याकडं बघितलं. आणि ताट माझ्या हातात दिलं.

"धर. माझा हात भरून आलाय."