अडसरावरचा हात

इथल्या मराठी मंडळाच्या नव्या अध्यक्षांची मेल आली. वर्धापनदिनाला 'तुमचं ते दाराचं नाटक' पुन्हा करायचं ठरलंय, लेखक म्हणून तुमची परवानगी हवी. तीन आठवडे झाले, मी उत्तर दिलेलं नाही. सिडनीच्या टूनगॅबी उपनगरातल्या बऱ्याच जणांनी ते नाटक पाहिलंय, पाठ थोपटलीय. त्यांच्यासाठीच हे लिहितोय. ते नाटक मी लिहिलेलं नाही.

आमच्या वेळी आपल्याकडून शिकायला येणाऱ्या विद्यार्थ्यांची नुसती लाट आली होती. वॉलॉंगॉंगला युनिव्हर्सिटीजवळ एका खोलीत चार-चार गाद्या पडायच्या. मला मात्र एका म्हाताऱ्या आयरिश माणसाच्या घरी वेगळी खोली मिळाली. तो नाटककार होता. तरुणपणी बोटीने आला, पोर्ट केंब्लाच्या पोलाद कारखान्यात भट्टीवर लागला आणि शिफ्ट संपली की कामगारांच्या हॉलमध्ये नाटकं बसवू लागला. "तीन नाटकं सिडनीला लागली," तो सांगायचा. "दोन पडली. तिसऱ्याच्या वेळी छपराचा तुकडा पडला, म्हणून तेवढं लोकांच्या लक्षात आहे."

त्याचा हात कापायचा, म्हणून त्याची हस्तलिखितं मी युनीच्या लॅबमध्ये टाइप करून द्यायचो. एके दिवशी त्याने कपाटाच्या तळातून एक जुनी वही काढली.

"हे टाइप कर. पण कुणाला दाखवायचं नाही. माझी बहीण जिवंत आहे तोवर नाही. तिला शब्द दिलाय."

"नाही दाखवणार," मी म्हणालो.

वहीत एक नाटक होतं. एकच घर, एकच संध्याकाळ. बाहेर वादळ. मोठा मुलगा कसल्याशा भानगडीत सापडून जिवाच्या भीतीने घराकडे पळत आलाय. तो दार ठोठावतो. बाप खुर्चीतून म्हणतो, कुणी उघडायचं नाही. मुलगी उठते, दाराच्या अडसरावर हात ठेवते. बापाकडे बघते. हात काढून घेते. तीनदा ठोठावल्याचा आवाज येतो, मग येत नाही. सकाळी मुलगा दलदलीत मेलेला सापडतो.

ती मुलगी म्हणजे त्याची बहीण. दर रविवारी संध्याकाळी तिचा आयर्लंडहून फोन यायचा. हा आधीपासून बूट घालून फोनशेजारी बसायचा. तिच्याशी बोलताना लहान पोरासारखा हसायचा. कधी मलाही रिसीव्हर द्यायचा. "तो गोळ्या घेतो का रे?" ती विचारायची. "खोटं सांगू नकोस हं. मला ऐकू येतं."

त्याच सुमारास मंडळाला एकांकिका हवी होती. तिथले सगळे पीआरवाले, म्हणजे इथे कायमचं राहायचा परवाना मिळालेले, घरंदारं असलेले. मी हॉस्पिटलात साफसफाईच्या शिफ्ट करणारा. कुणीतरी विचारलं, पुण्यात काय करायचास? मी म्हणालो, एकांकिका लिहायचो. खरं तर मी कॉलेजच्या टीममध्ये लाइट्सवर होतो. एक ओळ कधी लिहिली नव्हती.

मग वही होतीच. मी घर उचलून कोकणात खाडीकाठी ठेवलं. बापाला धोतर नेसवलं. आपल्याकडे रूपांतरं काय कमी होतात, मी स्वतःला समजावलं. पण रूपांतर करणारा निदान 'आधारित' असं छापतो. मी तेही छापलं नाही. मराठीत आहे, टूनगॅबीत आहे, कुणाला कळणार?

मंडळाच्या तेव्हाच्या अध्यक्षा, आम्ही त्यांना काकू म्हणायचो, त्यांचा फोन आला. "अरे, तुझे घरमालक एवढे मोठे नाटककार, त्यांना आणणार ना? पुढच्या रांगेत खुर्ची ठेवते."

"काकू, त्यांना मराठी कुठे कळतंय?"

"नाटकवाल्याला भाषा लागते होय? तू लाजतोस नुसता. दे त्यांना फोन, मीच बोलते."

तो माझ्या मागेच उभा होता. त्याने हात पुढे केला. मी रिसीव्हर दिला.

प्रयोग रविवारी दुपारी होता. त्याने सूट इस्त्री केला, टाय बांधला. ट्रेन समुद्राच्या कडेने चालली होती आणि तो खूश होता. "पहिला प्रयोग ना तुझा?" मी मान हलवली. बोगद्यात शिरलो की काचेत त्याचा चेहरा दिसायचा, हसरा. मी दर स्टेशनला ठरवत होतो, आता सांगतो. सांगितलं नाही.

नारळ फुटला, तिसरी घंटा झाली. मी विंगेतून त्याच्याकडेच बघत होतो. पहिली दहा मिनिटं तो कौतुकाने बघत होता. मग बाहेरून दार वाजलं आणि त्याची मान ताठ झाली. मुलगी उठली. तिने अडसरावर हात ठेवला. त्याने डोळे मिटून घेतले आणि टाळ्या सुरू होईपर्यंत उघडले नाहीत. काकूंनी आम्हा दोघांना एकेक श्रीफळ दिलं. त्याने ते दोन्ही हातांनी, वाकून घेतलं.

परतीच्या ट्रेनमध्ये नारळ त्याच्या मांडीवर होता. कारखान्याची धुराडी दिसायला लागली. मग तो म्हणाला, "तिसरं ठोठावणं लवकर आलं. माझा भाऊ बराच वेळ थांबला होता."

एवढंच. मी सॉरी म्हटलं की नाही, मला आठवत नाही. आठवत नाही म्हणजे म्हटलं नसणार.

कुलूप काढत होतो तेव्हाच आत फोन वाजायला लागला. मी पटकन म्हणालो, "तिला सांगू नका. तुम्ही सांगितलं नाही तर कळणार नाही तिला." त्याने माझ्याकडे अशा नवलाने पाहिलं, जणू मी त्याच्या घरात राहतो हेच त्याला नवीन होतं. तिने काय-काय विचारलं ते मला ऐकू आलं नाही. तो म्हणाला, नाटक लागलं. आपलं. हो, लोकांसमोर. मग बराच वेळ ऐकत राहिला. शेवटी म्हणाला, "नाही. नाटकातही दार उघडलं नाही." आणि रिसीव्हर ठेवला.

पुढच्या रविवारी फोन आला नाही. त्याच्या पुढच्याही नाही. तो बूट घालून बसायचा, आठ वाजून गेले की बूट काढायचा. त्याने केला तर पलीकडे नुसती रिंग जात राहायची. मला जा असं तो कधीच म्हणाला नाही. टाइप करायलाही काही दिलं नाही. दोन महिन्यांनी मीच टूनगॅबीला खोली बघितली. नंतर कधीतरी त्याच्या शेजारणीकडून कळलं की तो गेला.

आज सकाळी अध्यक्षांना उत्तर लिहिलं. नाटक माझं नाही, ज्याचं होतं तो गेला. त्यांचा लगेच फोन आला. "अहो, मग आता अडचण काय? त्यांचं नाव टाकू की!"

मी त्यांना त्याची अट सांगितली, बहीण जिवंत आहे तोवर नाही. बहीण असेल तर आता खूप म्हातारी असेल. ती आहे की नाही, हे मी इतक्या वर्षांत विचारलेलं नाही. तिचा नंबर अजून माझ्या जुन्या डायरीत आहे. तो आधी फिरवायला हवा, आणि तिने फोन उचलला तर मी कोण ते सांगायला हवं.