कॅचरचा ग्लोव्ह मी धुतला तेव्हा

बेसबॉल खेळणाऱ्या मुलाचा चामड्याचा ग्लोव्ह मी एकदा साबणाच्या गरम पाण्यात भिजवला, ब्रशने खसाखसा घासला आणि गॅलरीत क्लिपा लावून कडक उन्हात वाळत घातला. वर शाबासकीची वाट बघत बसले. तेव्हा मी नुकतीच साठी ओलांडली होती. म्हणजे तशी कोवळीच. अक्कल यायची होती.

ग्लोव्ह आमच्या पेइंग गेस्टचा. मुलगा जळगावकडचा. मिरा रोडला नोकरी करायचा आणि पहाटे जवळच्या मुर्धा गावाच्या मैदानावर सरावाला जायचा. बॅटवाल्याच्या मागे उकिडवं बसून चेंडू पकडायचे, हे त्याचं काम. मी ग्लोव्ह धुतला त्याच्या दुसऱ्याच दिवशी पगार देऊन खेळवणाऱ्या एका संघाची निवड चाचणी होती. त्यासाठी वर्षभर त्या ग्लोव्हला तेल लावून, आत चेंडू बांधून, उशीखाली दाबून त्याने तो आपल्या हाताजोगता केला होता. मला मात्र त्याचा फक्त घामट वास यायचा. पोरगं एवढ्या मोठ्या कामाला निघालंय, तर वस्तू स्वच्छ असावी, असा माझा थोर विचार!

संध्याकाळी त्याने ग्लोव्ह हातात घेतला. पापडासारखा कडक. मिटून बघितला, मिटेना.

"आजी, हे कोणी केलं?"

"कामवाल्या बाईने," मी बेधडक म्हटलं. आमच्याकडे बाई नव्हती, हे त्यालाही माहीत होतं.

तो ओरडला असता तर मी भांडले तरी असते. तो नुसता खाली बसला. मग मी खोबरेल तेलाची बाटली काढली. तो चामडं मळत होता, मी मधोमध बत्त्याने ठोकत होते. आवाजाने शेजारीण दारात आली.

"आंटी, इतनी देर से क्या कूट रही हो?"

"अपनी अक्कल," मी म्हटलं. तेव्हा कुठे तो हसला.

आता तो इथे राहत नाही. होता तेव्हा खोलीत बसून भिंतीवर चेंडू मारायचा आणि झेलायचा, ते ठक्‌ठक् माझ्या डोक्यात जायचं. भिंतीवर त्या चेंडूचे गोल डाग अजून आहेत. परवा रंगारी आला, तर ती एक भिंत मी रंगवू दिली नाही. सुनेला सांगितलं, ओल आहे.

तर ग्लोव्ह थोडाफार नरमला, पण पहिल्यासारखा काही झाला नाही. सकाळी तोच घेऊन तो गेला. ऐन वेळी दुसरा आणणार कुठून? मी आमटीत दोनदा मीठ घातलं, चहात घालायचं तेवढं राहिलं.

दुपारी बेल वाजली. दारात तो, अंगभर माती.

"काय झालं रे?"

"ग्लोव्हमधून चेंडू उडत होते. मग छातीवर घेतले. पण मागे एकही जाऊ दिला नाही."

"ते असू दे. तुला घेतलं का?"

त्याने मान हलवली. मी हात पसरून पुढे झाले, तसा तो घाईघाईने मागे सरकला.

"घेतलं, आजी. पण मिठी नको, सगळी छाती ठणकतेय."