तैवानचा नट आणि आमचे मामा

मंडळी, आत्ताच मामांना सांगोल्याच्या एसटीत बसवून आले आणि लगेच लिहायला बसलेय.

मामा मेंढरं राखतात. मेंढरांचं औषध न्यायला आज सोलापुरात आले होते. गाडीला वेळ होता, म्हणून त्यांना शुक्रवार पेठेतल्या आमच्या फिल्म क्लबला घेऊन गेले. तिथे तैवानचा एक सिनेमा लावला होता.

त्यात बायको वारलेला एक माणूस एकटाच जेवायला बसतो. कॅमेरा जागचा हलत नाही. संवाद नाही, संगीत नाही. तो नट पाच-सहा मिनिटं नुसता भात खातो. मध्येच घास तोंडाजवळ थांबतो, मग तो पुन्हा खायला लागतो. बस्स. आमच्यातले दोघं-तिघं मोबाईल बघायला लागले. मामा मात्र पुढे सरकून बघत होते.

बाहेर आल्यावर मी विचारलं, "मामा, कळलं का काही?"

"व्हय की. न कळायला काय झालं?" औषधाची पिशवी खांद्याला अडकवत म्हणाले, "तुजी मामी गेली तवा मी बी असाच जेवलो. भूक लागली हुती, त्याचीच लई लाज वाटली. कुनाला सांगितलं न्हाय."

मामीला जाऊन दीड वर्ष झालं. आम्ही सगळ्यांनी विचारून पाहिलं होतं, मामा एक शब्द बोलले नव्हते.

तैवानच्या अशा सिनेमांचं श्रेय मी नेहमी दिग्दर्शकाला द्यायचे. पण तो न हलणारा कॅमेरा पेलायला असा नट लागतो, हे आज कळलं. मी स्वतः वीस वर्षं नाटकात काम करतेय. रंगमंचावर इतकं गप्प बसायचं धाडस मला कधी झालं नाही.

तुमच्या घरातल्या कुणाला एखाद्या नटाने असं बोलतं केलंय का?